लखलख्या झाडाचा डिंक: गोष्टीसाठी मदत पाहिजे, लेकीचे प्रश्न संपूनच नाही राह्यले

धुऱ्यावरचा
नमस्कार मंडळी. विषय जरा येडपट आहे, आधीच सांगतो, हसायचं असेल तर हसून घ्या पण मदत करा.

आमचं गाव गोंदिया जिल्ह्यात, नवेगावबांधच्या अलीकडं. पावसाळा लागला की रात्रीची लाईन जाते, कधी अर्धा तास कधी दोन-दोन तास, आणि लाईन गेली की माझ्या सहा वर्षांच्या लेकीला गोष्ट पाहिजे. आमचा आजा एक गोष्ट सांगायचा लखलख्याच्या झाडाची. जंगलात खूप आत एक झाड, दिवसा साधंच दिसते, रात्री लखलख करते, त्याचा डिंक खाल्ला की माणूस आतून कंदिलासारखा उजळते. बस एवढीच गोष्ट. याच्या पुढं आजा झोपून जायचा. मीही परवा तेवढीच सांगितली आणि फसलो.

डिंक कोणत्या रंगाचा? कसा काढतात? गोड असतो का? खाल्ला तर पोटातला भात दिसतो का? झाडाला दुखतं का? आणि सगळ्यात शेवटी, आपण का नाही आणत?

तर माझं म्हणणं असं की हा डिंक आपण सगळे मिळून नीट ठरवू. एक अट आहे, झाड आपल्या इकडचं वाटलं पाहिजे, माणसंही आपल्याच इकडची. पऱ्या आणि जादूची कांडी नको, ते तिला मोबाईलवर दिसतेच.

वऱ्हाडी_ठेचा
बाप्पा, एवढा कामाचा धागा लय दिवसानं आला. भाऊ आमच्या काळ्या मातीत जंगल नाई, धुऱ्यावर बाभूळ अन् कडुनिंब एवढंच, पण तुमच्या लखलख्याचं एक कलम मले पाठवजा. हिवाळ्यात हरभऱ्याले पाणी द्याले रात्रीची पाळी आली का मी एक वाजता वावरात असतो, एका हातात बॅटरी, एका हातात फावडं, अन् पाय कुठं पडून राह्यला ते देवालेच माहीत. मागच्या साली बॅटरी नेमकी बारे बदलताना गेली, पाटात काहीतरी लांबलचक हाललं, मी फावडं टाकून जो पळालो तो मोटरच्या खोलीतच जाऊन उभा राह्यलो. सकाळी पाह्यलं तर पाईपचा तुकडा होता.

मले डिंक खायाचा नाई. पायाले चोपडाचा हाये, गुडघ्यापर्यंत.

सालईबन
धुऱ्यावरचा भाऊ, माझं लहानपण मेळघाटच्या पायथ्याशी गेलं, डिंकाचं थोडं सांगते. आपल्या इकडं डिंक देणारी झाडं बरीच आहेत पण प्रत्येकाचा स्वभाव वेगळा. धावड्याचा डिंक आपण लाडवात घालतो, सालीला जखम झाली की तिथून थेंब निघतात, आधी मऊ, मग उन्हानं वाळून खडे होतात, पांढुरक्यापासून मधाच्या रंगापर्यंत. सालईचा डिंक वासाचा, निखाऱ्यावर टाकला की घरभर धूप. आणि कांडोळ, त्याला कोणी कुलू म्हणतात, त्याचा डिंक विरघळतच नाही. वाटीत एक खडा टाकून पाणी घाला, सकाळी वाटीभर लिबलिबीत गोळा झालेला असतो, लहानपणी आम्ही तो एकमेकांच्या फ्रॉकच्या पाठीत टाकायचो.

तुमच्या झाडासाठी मला कांडोळच योग्य वाटतो. उन्हाळ्यात त्याला एक पान नसतं, खोड पांढरंफटक आणि गुळगुळीत, चांदण्या रात्री डोंगराच्या उतारावर एकटं उभं असलं की खरंच वाटतं आतून दिवा लावलाय. इंग्रजांनीसुद्धा त्याला भुताचं झाड असंच नाव दिलं. आमची आई लाकडाला गेली की त्याच्याकडं पाठ करून बसायची नाही, म्हणायची हा मागून पाहतो.

मेख एवढीच की डिंक सगळ्यात जास्त निघतो तो कडक उन्हाळ्यात. जेवढं ऊन तेवढा डिंक. तुमची गोष्ट पावसाळ्यात चालू आहे.

धुऱ्यावरचा
सालईबन ताई, वाटीतला गोळा आजच करून दाखवतो. उन्हाळ्याचं लक्षात आलं नव्हतं, पण चालते, उन्हाळ्यात काढलेला डिंक पावसाळ्यात पुरवायचा असं ठेवू. सरपणासारखं.

मास्तर_सुट्टीवर
प्रकाश देणाऱ्या झाडात वैज्ञानिकदृष्ट्या अशक्य असं काही नाही, म्हणून दोन शब्द. पावसाळ्यात भीमाशंकरच्या जंगलात कुजलेलं ओलं लाकूड रात्री हिरवट चमकतं, ते खरं तर लाकूड नसतं, लाकडावर वाढलेली बुरशी असते. तिच्यात ल्युसिफेरिन नावाचा पदार्थ असतो, एका विकराच्या (एन्झाइमच्या) मदतीनं त्याचा ऑक्सिजनशी संयोग होतो आणि उजेड पडतो. काजव्याचं तत्त्वही तेच, रसायन थोडं निराळं. अशा बुरशीची जनुकं तंबाखूच्या रोपात घालून ते रोप स्वतःहून चमकवल्याचं संशोधन २०२० मध्ये छापून आलं, आणि २०२४ पासून अमेरिकेत चमकणारं पिटुनिया कुंडीत विकत मिळतं.

त्यामुळे गोष्टीसाठी माझ्या तीन सूचना. उजेड थंड असावा, हात लावला तर भाजू नये. उजेड मंद असावा, डोळे अंधाराला सरावल्यावरच दिसावा. आणि उजेड फुकट नसावा, झाडाला त्यासाठी काहीतरी खर्चावं लागलं पाहिजे.

वऱ्हाडी_ठेचा
तंबाखू चमकून राह्यली? मास्तर हे आमच्या गावात सांगू नका, अर्धं गाव अंधारात ओळखू येईन.

रामटेकचा_रिकामा
मास्तरांनी अमेरिका गाठली, मी घरचंच सांगतो. ज्या कालिदासाच्या नावानं आमच्या रामटेकला स्मारक आहे त्यानं कुमारसंभवाच्या पहिल्याच सर्गात हे लिहून ठेवलंय. हिमालयाच्या गुहांमध्ये वनस्पती रात्री उजळतात आणि दिव्यांचं काम करतात. त्याचा शब्द बघा किती मस्त आहे, ‘अतैलपूराः’, म्हणजे ज्यात तेल घालावं लागत नाही असे दिवे. ते दिवे नेमके कोणाच्या काय कामाला येतात हे त्याच ओळीत पुढं आहे, ते मात्र सहा वर्षांच्या लेकराला सांगू नका.

मोहफूल
रिकामे भाऊ 😀

मी काय म्हणते, काढायचा कसा ते मोहावरून घ्या ना. आम्ही मार्च-एप्रिलमध्ये पहाटे तीन-साडेतीनला निघतो, टोपली, पाण्याची बाटली, एक बॅटरी चौघींत. मोहाला हात लावावा लागत नाही, काठी लागत नाही, फूल आपोआप पडते. अंधारात झाडाखाली गेलं ना की आधी वास येते, मग कानाला ऐकू येते, टप... टप टप... टप. पानावर पडलं तर वेगळा आवाज, मातीवर पडलं तर वेगळा. म्हणून आधी खालचा पालापाचोळा झाडून घ्यायचा, नाहीतर फुलं सापडत नाहीत. काही लोक पाला जाळतात, त्यानं जंगलाला आग लागते, आमच्या गावात आता बंद केलंय. फूल फिकट पिवळं, जाड, दाबलं तर बोटाला चिकटते आणि पहाटेच्या अंधारात जमिनीवर बारीक बारीक दिवे सांडल्यासारखंच दिसते हो, खोटं नाही सांगत.

आणि अस्वल. ते गोष्टीत पाहिजेच. त्यालाही मोह आवडते, त्याचीही वेळ तीच. आमची मोठी जाऊ एकदा बॅटरी विझवून झाडाच्या अलीकडच्या बाजूनं वेचत होती, पलीकडं कोणीतरी मचमच करत होतं, तिला वाटलं शेजारची बाई, ती म्हणाली अवं तोंडात काय टाकून राह्यली टोपलीत टाक. मग काय झालं विचारू नका, टोपली अजून तिथंच असेल.

धुऱ्यावरचा
हे अस्वल मी आज रात्रीच घेतो. अस्वलानं डिंक खाल्ला तर अस्वल चमकेल का हा प्रश्न येणार आहे, मला आत्ताच दिसून राह्यलं.

झाडीपट्टीवाला
राम राम जी. मी नाटकातला माणूस, सीझनला वडसाच्या कंपनीसोबत फिरतो. दिवाळीनंतर आमच्या इकडे गावोगाव नाटक, मंडई म्हणजे गावची जत्रा असली की तर रात्रभर, पहाटे पडदा पडते. जनरेटर बंद पडला का पब्लिक शिट्ट्या मारते आणि नायिका स्टेजवर अंधारात उभी राहून डायलॉग मारते, असं मी सोता पाह्यलो आहे. असा डिंक असता तर पावडरमध्ये मिसळून तोंडाला लावला असता जी, लाईटवाल्याची गरजच नाही. दुःखाच्या सीनला थोडा कमी लावाचा, खलनायकाले हिरवा.

एक शंका. रडला तर धुऊन जाते का? कारण आमच्या नाटकात तिसऱ्या अंकात सगळेच रडतात.

कोपऱ्यातला_पंच
नावाचा मुद्दा राहिला. इथल्याच एकानं मला व्यक्तिगत निरोपात सुचवलं की याला ‘लखलाख’ म्हणा. नाव छान आहे पण चुकीचं आहे. लाख झाडाची नसते. पळसाच्या, कुसुमाच्या फांदीवर बारीक किडे बसतात, ते रस शोषतात आणि अंगाभोवती जे कवच तयार करतात ती लाख. झाडाच्या जखमेतून झाड स्वतः सोडतं तो डिंक. म्हणजे लखलाख म्हणायचं असेल तर उजेड किड्याचा, डिंक म्हणायचं असेल तर उजेड झाडाचा. आधी हे ठरवा.

वऱ्हाडी_ठेचा
पंच आले. धागा आता शंभरी गाठते.

ग्रामसभेचा_माणूस
सगळे चोपडायच्या आणि खायच्या गोष्टी करून राह्यले, मालकी कोणाची ते कोणी विचारत नाही. मी गडचिरोलीचा. आमच्याकडं जंगलातून काहीही निघालं की पहिला प्रश्न हाच. २००६ च्या वनहक्क कायद्यात गौण वनोपज म्हणून बांबू, तेंदूपानं, मध, मेण, लाख, औषधी वनस्पती असं लिहिलेलं आहे, वनस्पतीपासून मिळणारं लाकडाशिवायचं सगळं त्यात येतं. डिंक आला. पण उजेड कोणत्या रकान्यात टाकणार? 

धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाला २००९ मध्ये सुमारे १८०० हेक्टर जंगलाचा सामूहिक हक्क मिळाला, तरी स्वतःच्या बांबूच्या वाहतुकीचा पास ग्रामसभेच्या हातात यायला एप्रिल २०११ उजाडलं, त्यासाठी केंद्रातले मंत्री गावात यावे लागले. हिरवा, निमूट पडून राहणारा बांबू होता तरी एवढा वेळ. तुमचा डिंक तर चमकतो. नाक्यावर ताडपत्री टाकली तरी बंडीतून उजेड बाहेर येणार. लपवायची सोय नाही. 

म्हणून गोष्टीत ग्रामसभा घ्या. आणि व्यापारी घ्या. आमचा आजा चारोळी मिठावर द्यायचा, दाण्याच्या मापाला मिठाचं माप, आणि वरून व्यापारी दांडी मारायचा. असा माणूस लखलख्याकडं आल्याशिवाय राहतच नाही.

धुऱ्यावरचा
मंडळी, काल रात्रीचा रिपोर्ट. लाईन साडेआठला गेली. मी कांडोळासारखं पांढरं खोड सांगितलं, अस्वल सांगितलं (चमकलं. दोन दिवस. जंगलात सगळ्यांना दिसायला लागलं म्हणून लाजून गुहेत बसलं), मोहासारखी टपटप सांगितली. इथवर जमलं.

मग मी म्हटलं, व्यापारी कुऱ्हाड घेऊन आला. ती उठून बसली. म्हणे बाबा, लाईट चालू असला तर मला झोप येते का? म्हटलं नाही. म्हणे मग झाडाला कशी येते?

मला उत्तर नाही सुचलं. बायको अंधारातून हसली. मी म्हटलं उद्या सांगतो. आता सांगा काय सांगू.

सालईबन
अरे देवा. हे कोणालाच सुचलं नव्हतं.

मास्तर_सुट्टीवर
माझी तिसरी सूचना तिनं एका प्रश्नात मांडली. झाडाला काय खर्चावं लागतं, तर झोप.

मोहफूल
थांबा थांबा, मग सगळंच सुटते ना. झाडाला झोप येत नाही म्हणूनच ते डिंक सोडते. अंगातला उजेड बाहेर टाकून द्यायला. म्हशीचं दूध नाही काढलं तर ती कशी रात्रभर ओरडते, तसं. वेळेवर काढला की झाड काळं होते आणि झोपते. मग झाडाला दुखतं का, तर काढलं नाही तर दुखते.

वऱ्हाडी_ठेचा
अन् उजेड आतमंदी येते कुठून ते मी सांगतो. नवतपा, मे अखेरचे ते नऊ तापते दिवस! भाऊ आपल्या विदर्भात कापूस बुडते, सोयाबीन बुडते, संत्र्याले कोळशी लागते, पण एक पीक आजवर बुडालं नाई, ऊन. मे महिन्यात ब्रह्मपुरीचा पारा ४६-४७ वर गेला का टीव्हीवाले नकाशावर आपल्याले लालभडक करतात. ते ऊन जाते कुठं? बाकीची झाडं पानं टाकून मोकळी होतात. लखलख्या मात्र येडा हाये, थो सगळं पिऊन घेते. नऊ दिवस नवतपा पेला का पोट तट्ट. मंग रात्री जागरण.

म्हणून हे झाड कोकणात नाई, पुण्याले नाई. तिथं पुरेसं ऊनच नाई.

रामटेकचा_रिकामा
आयुष्यात पहिल्यांदा आपल्या उन्हाचा अभिमान वाटला.

झाडीपट्टीवाला
आणि उन्हाचा असून थंड काहून? कारण झाडाच्या पोटात जाऊन थंड झाला जी. जसं माठातलं पानी.

कोपऱ्यातला_पंच
मान्य. म्हणजे डिंकच. लखलाख बाद.

ग्रामसभेचा_माणूस
आता व्यापाऱ्याचं करा. त्याला कुऱ्हाडीची घाई आहे, तो झाड भरायची वाट पाहणार नाही. त्यानं घाव घातला तर काय होईल?

सालईबन
बिबा होईल. बिब्याचा चीक कसा, हवेला लागला की काळाकुट्ट, आणि अंगावर उतला की फोडच फोड. परटीण मावशी त्यानं कपड्यावर खूण करायची, कितीही धुवा जात नाही. लखलख्यावर कुऱ्हाड मारली की डिंक चमकत नाही, काळा निघतो, मारणाऱ्याच्या तळहातावर उततो, आणि तो डाग अंधारातसुद्धा अंधारापेक्षा काळा दिसतो. त्या हातानं तराजू धरला की सगळ्या बाजाराला कळतं.

लोभ करून काढू नये हे आमच्याकडं डिंक काढणारे जुने लोक पाळायचेच. खोल घाव घातला की झाड दोन-तीन वर्षांत वाळतं, मग ना डिंक ना सावली. कांडोळाची किती झाडं अशीच गेली.

मोहफूल
आणि ज्यानं पदरानं पुसून घेतला त्याला मिळतो. कुऱ्हाड नाही, विळा नाही. जुन्या लुगड्याचा तुकडा न्यायचा, खोड पुसायचं, लेकराचं तोंड पुसतो तसं. तेच फडकं घरी आणून खुंटीला टांगायचं. झाला दिवा.

पोटातला भात दिसतो का त्याचं उत्तर पण मी देते. दिसतो. म्हणून ताटात टाकून उठायचं नाही, आईला कळते.

वऱ्हाडी_ठेचा
ताई हे शेवटचं माह्या घरी सांगू नका. रोह्यांचं, म्हंजे नीलगायींचं, पण काही करा ना, कुंपणाले हे फडके बांधले तर रोही भिईन का?

ग्रामसभेचा_माणूस
भिणार नाही. ओळीनं बसून बघतील. आमच्याकडं लोकांनी साड्या बांधल्या, बाटल्या टांगल्या, रेडिओ लावला, डुकरं रेडिओ ऐकत धान खाऊन गेली.

धुऱ्यावरचा
उशीर झाला, सॉरी, चार दिवस धानाची रोवणी चालू होती, कंबर वाकली ती सरळ व्हायला तयार नाही.

गोष्ट सांगितली. सगळी. नवतपा, तट्ट फुगलेलं पोट, लुगड्याचं फडकं. व्यापाऱ्याच्या काळ्या हाताला ती घाबरेल वाटलं होतं, नाही घाबरली, म्हणे त्याला साबण द्या. ग्रामसभेत कोण बोललं हे तिनं ठरवलं, अस्वल बोललं. ठराव असा झाला की एका घराला एक फडकं, आणि ज्याच्या घरी लेकरू आजारी असेल त्याला दोन. पंचांना कळवतो की नाव तिनं ‘लखलख्याचं जागरण’ ठेवलंय, डिंक नाही आणि लाख नाही.

पण झाड झोपलं का हे तिला मी सांगायच्या आधी तीच झोपली. लाईनही तेवढ्यातच आली, डोळ्यावर बल्ब, मी पटकन उठून बटण बंद केलं.

सकाळी वेगळाच घोळ. आईनं भाचीच्या बाळंतपणासाठी डिंकाचे लाडू करून ठेवलेत, त्यातला एक हिनं गुपचूप आणून उशीच्या अभ्र्यात ठेवला होता, रात्री चमकतो का पाहायला. पहाटे पाचला किंचाळली. अभ्रा, उशी, तिचे केस, माझा कान, सगळीकडं मुंग्या. आजी म्हणते कोणी शिकवलं हिला हे. मी गप.

मोहफूल
अय्यो. लाल होत्या का काळ्या?

धुऱ्यावरचा
लाल.

सालईबन
मग गूळ चांगला आहे. डिंक धावड्याचाच ना? तुपात नीट फुलला होता का, की आत कच्चा राहिला? आईला विचारून प्रमाण टाका इथं, माझ्या सुनेला दिवाळीनंतर लागणार आहेत.